देसाई मॅडमची बदली मी कशी रोखली

काय सांगायचं आता, तुम्ही विषयच असा काढलात. सांगतो, पण चहा येईपर्यंत संपवतो. कारण तेवढ्यात बंडा माने येईल आणि हाच किस्सा तिखटमीठ लावून सांगेल. त्याच्या तोंडून ऐकण्यापेक्षा माझी अब्रू मीच घालवलेली बरी.

मी दिनकर चौगुले. कोल्हापुरातल्या एका सरकारी जिल्हा कार्यालयात वरिष्ठ लिपिक. खात्याचं नाव सांगत नाही, त्यात खात्याचा काही दोष नाही. लिपिक ही नुसती नोकरी हो, माझा खरा उद्योग म्हणजे कर्मचारी संघटनेचं सरचिटणीसपद. ऑफिसात सगळे मला आण्णा म्हणतात. कुणाची वेतनवाढ अडली, कुणाची रजा नामंजूर झाली, की आण्णाकडे. त्यातही बदली हा माझा आवडता विषय. लोक सकाळी उठून स्तोत्र म्हणतात, मी बदल्यांच्या कायद्याची कलमं म्हणतो.

कायदा तसा सोपा आहे. एका जागी साधारण तीन वर्षं. बदल्या करायच्या त्या एप्रिल-मेमध्ये. अधेमधे कुणाला हलवायचं तर विशेष कारण पाहिजे, ते लेखी पाहिजे आणि त्याला वरच्या अधिकाऱ्याची मान्यता पाहिजे. नुसतं ‘प्रशासकीय कारणास्तव’ असं खरडून माणसाला उचलून फेकता येत नाही. कर्मचारी म्हणजे काय टपाल आहे, शिक्का मारला की निघालं?

हे शेवटचं वाक्य माझ्या भाषणातलं आहे. त्याला टाळ्या पडतात.

तर दिवाळी नुकतीच झालेली. गुरुवारी दुपारी मी डबा खात होतो आणि बंडा धावत आला. बंडा म्हणजे आमच्या संघटनेचा खजिनदार. तालमीतलं शरीर, त्यामुळे तो धावत आला की टेबलं हलतात.

“आण्णा, देसाई मॅडमची बदली झाली. आजऱ्याला.”

“आत्ता? दिवाळीनंतर?”

“ऑर्डर हातात पडली. रडालत्या.”

मी भाकरी तशीच टाकून उठलो. आवक-जावकच्या टेबलावर देसाई मॅडम मान खाली घालून बसलेल्या. डोळ्याला रुमाल.

“काय झालं मॅडम?”

“काय व्हायचंय आण्णा? झाली बदली. सरकारची मर्जी, आपल्या हातात काय हाय?”

आता इथं थांबून तुम्हाला एक आतली गोष्ट सांगायला पाहिजे, नाहीतर पुढचं समजायचं नाही. आमच्याकडे बदली मनासारखी झाली तरी तोंड पाडायची पद्धत आहे. हसत हसत ऑर्डर घेतली तर मागं रांगेत उभे असलेल्यांच्या पोटात दुखतं. साहेबाला वाटतं, ह्याला आपलं ऑफिस नकोसं झालं होतं. आणि तुम्ही नव्या जागी हजर व्हायच्या आत कुणीतरी वशिल्याच्या जोडण्या लावून ऑर्डर फिरवून आणतो. म्हणून माणूस आतून उड्या मारत असला तरी बाहेरून सुतकात. मला हे माहीत नव्हतं असं नाही. गडहिंग्लजहून कोल्हापूरला आलो तेव्हा मीच निरोपाच्या भाषणात हुंदका दिला होता, आणि खोटा असून तो चांगला जमला होता.

देसाई मॅडमना तर लॉटरी लागली होती. त्यांचा नवरा आजऱ्याजवळच्या शाळेत मास्तर. चार वर्षांची लेक ओवी, ती तिकडं आजीजवळ. मॅडम इथं राजारामपुरीत एका खोलीत एकट्या. शुक्रवारी संध्याकाळी एस.टी. पकडायची, रविवारी पोरगी झोपली की हळूच निघायचं, कारण जागी असली तर ती पदर सोडत नाही. नवरा-बायकोला एका ठिकाणी आणायची शासनाची सवलत आहे, तिच्याखाली त्यांनी केव्हाचा अर्ज करून ठेवलेला. आजऱ्यात जागा रिकामी झाली, नवीन आलेल्या साहेबांनी सही केली. आणि सासूबाईंनी फोनवर बजावलं होतं, “सूनबाई, हजर हुईस्तवर कुणाजवळ ब्र काढू नगंस. दृष्ट लागती.”

दृष्ट लागली ती माझी.

यातलं एक अक्षर मला तेव्हा माहीत नव्हतं. विचारलं असतं तर कळलं असतं. पण माणसाला विचारून त्याच्यासाठी लढायची सवय आमच्या संघटनेला नाही.

“मॅडम, रडायचं न्हाय,” मी म्हणालो. “आण्णा हाय तोवर तुमच्या केसाला धक्का लागणार न्हाय.”

त्या दचकल्या. रुमाल खाली आला. “न्हाय न्हाय आण्णा, असू दे की. मी जाते गपगुमान.”

“गपगुमान? का म्हणून? आज तुम्ही गेला, उद्या माझी पाळी, परवा बंडाची.”

“पर आण्णा, मला तसं काय...”

“तुम्ही एक शब्द बोलायचा न्हाय. तुम्ही बोलला तर साहेब डूख धरतील. बोलायचं काम माझं.”

त्यांनी तोंड उघडलं आणि मिटलं. सासूबाईंचा हुकूम आठवला असणार. मग दुसऱ्या दिवसाच्या रजेचा अर्ज टेबलावर ठेवून त्या घाईघाईनं निघून गेल्या.

“बघ बंडा,” मी म्हणालो, “किती धसका घेतलाय बाईनं.”

खरं तर त्या सामानासाठी टेम्पो ठरवायला गेल्या होत्या.

त्या संध्याकाळी मी घरी निवेदन लिहायला बसलो. असं निवेदन मी जन्मात लिहिलं नव्हतं. पहिल्या पानावर कायदा. दुसऱ्या पानावर ‘प्रशासकीय कारणास्तव हे कारणच नव्हे’. तिसऱ्या पानावर ‘मोघम कारण खपवून घेतलं जाणार नाही’. बायको भाजी निवडत होती, तिला मोठ्यानं वाचून दाखवलं.

तिनं सगळं ऐकून घेतलं. “अवो, पर तिला इच्यारलासा का?”

“काय विचारायचंय? रडत होती ती.”

“मी लग्नात रडलेली. मला लगीन करायचं नव्हतं व्हय?”

बायकांना कायद्यातलं कळत नाही, असं म्हणून मी विषय मिटवला. फोन मात्र लावून बघितला. ‘संपर्क क्षेत्राच्या बाहेर.’ बंडाला सांगितलं तर तो म्हणाला, “फोन बंद करून बसल्या असतील बिचाऱ्या.” मला गहिवरून आलं.

शुक्रवारी सकाळी ऑफिसच्या पोर्चमध्ये धरणं. बंडानं तालमीतली दोन हलगीवाली पोरं आणली होती. तुम्ही कोल्हापूरचेच, तुम्हाला काय सांगायचं? आपल्याकडे हलगी वाजली की माणूस आधी येऊन उभा राहतो आणि विषय मागाहून विचारतो. शेजारच्या ऑफिसातले आले, समोरचा झेरॉक्सवाला दुकान बंद करून आला. दहा वाजता विषय होता ‘देसाई मॅडमची आजऱ्याला बदली’. बारा वाजेपर्यंत विषय झाला होता ‘एका विधवा बाईला गडचिरोलीला टाकलंय’. तिकडं देसाई मास्तर जिवंत होते आणि पोरांना पाढे शिकवत होते.

मी घोषणा देत होतो, “कारण लेखी...” आणि मागून शंभर गळे, “द्या!”

साहेब बाहेर आले. पुण्याकडचा माणूस, हळू बोलणारा. आपल्याकडे हळू बोलणाऱ्याला अडाणी समजतात, हे त्यांना अजून कळलेलं नव्हतं.

“अहो चौगुले, ऐकून तर घ्या. त्यांनी स्वतःच...”

“स्वतःच काय साहेब? मी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलंय, रडालत्या त्या.”

हलगी.

“तसं नाही हो. त्यांचे मिस्टर...”

“मिस्टरांना मध्ये आणायचं न्हाय साहेब. नोकरी बाईची हाय, हक्क बाईचा हाय.”

हलगी, टाळ्या, शिट्ट्या. स्त्रियांच्या हक्कावर मी आयुष्यात पहिल्यांदा बोललो, आणि नेमका तिथं बोललो.

साहेबांनी आणखी दोनदा तोंड उघडलं. पण आमचा हलगीवाला इमानदार, साहेबांचं तोंड उघडलं की त्याची टिपरी पडायचीच. शेवटी त्यांनी ऑर्डर मागवली. आणि नशीब बघा, त्यात खरोखरच चूक होती. कारण म्हणून लिहिलेलं ‘प्रशासकीय कारणास्तव’. आस्थापना शाखेनं जुन्या ऑर्डरीवरून मजकूर उतरवून काढला होता. म्हणजे कायद्यानं मी शंभर टक्के बरोबर. माणूस बरोबर असला की किती चुकू शकतो, ते मी त्या दिवशी शिकलो.

सोमवारी पुण्याहून मोठे साहेब दौऱ्यावर येणार होते. त्यांच्यासमोर हलगी नको, म्हणून चारच्या सुमाराला साहेबांनी बदलीला स्थगिती दिली. सही करताना ते मला म्हणाले, “चौगुले, तुम्हाला पश्चात्ताप होईल.” मला वाटलं, धमकी आहे. मी तीही घोषणेत घातली.

मग काय, गुलाल. बंडानं मला खांद्यावर घेतलं. रात्री पार्टी, तांबडा-पांढरा रस्सा. शनिवार-रविवार मी गल्लीतून असा चालत होतो की बायको म्हणाली, “आता दारातनं आत यायला डोकं वाकवाय लागतंय तुमास्नी.”

सोमवारी सकाळी आम्ही सगळे दारात हार घेऊन उभे. आणि देसाई मॅडम आल्या. नवी साडी, केसात गजरा, हातात मोठी पिशवी. पिशवीत आजऱ्याचे काजू, सगळ्या स्टाफला वाटायला. त्याच दिवशी त्या कार्यमुक्त होणार होत्या ना. मागच्या जिन्यानं आल्यामुळे पोर्चमधल्या फलकावर लावलेली स्थगितीची ऑर्डर त्यांनी वाचली नव्हती.

“हे काय आण्णा, हार कशाला?”

“अभिनंदन मॅडम. बदली थांबवली.”

“कुणाची?”

“तुमची.”

त्या हसल्या. माझी थट्टा चाललीय असं त्यांना वाटलं. मग त्यांनी बंडाच्या चेहऱ्याकडे बघितलं. बंडाला थट्टा करता येत नाही हे सगळ्या ऑफिसला ठाऊक आहे. त्यांनी पिशवी टेबलावर ठेवली आणि खुर्चीत बसल्या. नंतर जे रडू फुटलं, त्याला रुमाल पुरला नाही. ऑफिसातलं रडणं आणि खरं रडणं यातला फरक मला तेव्हा कळला. खरं रडणं अजिबात चांगलं दिसत नाही.

“आण्णा, माझं सामान आजऱ्यात गेलंय. गॅस तिकडं, अंथरूण तिकडं. खोली सोडली, किल्ली मालकिणीला देऊन आले. किती वर्सं अर्ज करून बसलेली मी. ओवीला सांगून आलेय, आज सांच्याला येते, आता परत जायची न्हाय. दारात बसून ऱ्हाईल ओ ती. काय सांगू तिला? कुणी थांबवलं म्हणून सांगू?”

हार माझ्या हातात होता आणि तो कुठं ठेवावा ते मला सुचेना. लाज वाटली. साधी नाही, कान तापले. चार वर्षांच्या पोरीकडून तिची आई मी हिसकावून घेतली होती आणि वर गुलाल उधळला होता.

बंडानं मला कोपऱ्यात ओढलं. “आण्णा, गप बसा. मे महिन्यात जाईल की ती. आता उलटं फिरलो तर अख्खं कोल्हापूर दात काढंल. संघटनेचं काय ऱ्हाईल?”

“आणि पोरगी मेपर्यंत दारात बसंल व्हय?”

“पर आण्णा, तुमचं नाव...”

“नाव गेलं खड्ड्यात. बाईची बदली मी थांबवली, आता मीच करणार. आणि आजच करणार.”

हे बोललो खरं, पण साहेबांच्या केबिनचं दार मी आधी टकटक करून मग ढकललं. शुक्रवारी ह्याच दारावर मी लाथ मारायचीच बाकी ठेवली होती.

“या चौगुले,” साहेब म्हणाले. “आज हलगी नाही?”

मी सगळं सांगितलं. त्यांनी मध्ये एकदाही बोलायचा प्रयत्न केला नाही. मग म्हणाले, “हेच मी तुम्हाला चार वेळा सांगत होतो. असो. स्थगिती उठवता येईल. मोठे साहेब विश्रामगृहावर आहेत, दुपारी मान्यताही मिळेल. पण कारण लागेल. विशेष आणि लेखी.”

“लिहा की साहेब, पती-पत्नी एकत्रीकरण.”

“ते बदलीचं कारण झालं. ते मी आता सविस्तर लिहितोच. पण शुक्रवारी स्थगिती दिली आणि सोमवारी उठवली, ह्याचं कारण काय? मोठे साहेब तेच विचारणार.”

“मग लिहा, प्रशासकीय कारणास्तव.”

साहेबांनी शांतपणे माझंच निवेदन काढलं आणि दुसरं पान उघडून माझ्यासमोर धरलं. ‘प्रशासकीय कारणास्तव हे कारणच नव्हे.’ अधोरेखित मीच केलं होतं.

“बरं, ‘काही गैरसमजामुळे’ असं लिहा.”

त्यांनी तिसरं पान उलटलं. ‘मोघम कारण खपवून घेतलं जाणार नाही.’

आयुष्यात मी पुष्कळ अधिकाऱ्यांना पाणी पाजलंय हो. पण माझ्या निवेदनाला उत्तर देणं मला जमेना. एवढं पक्कं कुणी लिहितं का? शेवटी मी खुर्ची पुढं ओढली.

“साहेब, लिहून घ्या. मी सांगतो.”

“विचार करा. ह्याच्या प्रती सगळ्या तालुका कार्यालयांना जातील. स्थगितीच्या गेल्या आहेत, त्यामुळे ह्याच्याही जाणार.”

“जाऊ देत.”

आणि मी सांगितलं. ‘संघटनेचे सरचिटणीस श्री. दिनकर चौगुले यांनी संबंधित महिला कर्मचाऱ्यास कोणतीही विचारणा न करता, केवळ त्यांच्या तोंडाकडे पाहून त्यांच्यावर अन्याय झाल्याचा समज करून घेतला व सदर बदलीस हलगीसह विरोध केला. हे विशेष कारण विचारात घेऊन स्थगिती उठविण्यात येत आहे.’

साहेबांचं पेन थांबलं. “‘हलगीसह’ हे शासकीय भाषेत बसेल का?”

“वस्तुस्थिती हाय साहेब. राहू द्या.”

त्यांनी रुमाल काढून तोंड पुसलं. बराच वेळ पुसत होते.

दुपारी विश्रामगृहावर मोठ्या साहेबांनी कागद वाचला. परत वाचला. “हे चौगुले कोण?”

“मी, साहेब.”

त्यांनी मला डोक्यापासून पायापर्यंत बघून घेतलं. म्हणाले, “इतकी वर्षं बदल्यांच्या फायली बघतोय, पण इतकं स्पष्ट कारण अजून कुणी दिलं नव्हतं.” आणि सही केली.

ऑर्डर घेऊन मी ऑफिसात आलो तेव्हा ऊन कलायला लागलेलं. बंडानं मॅडमची कार्यमुक्तीची कागदपत्रं तयार ठेवली होती, आणि बाकीच्यांना दम दिला होता की काजू खाताना कुणी हसायचं नाही. मी मॅडमना स्कूटरवर बसवून स्टँडवर सोडलं. आजऱ्याची गाडी लागलेली होती. खिडकीजवळ जागा मिळाली, तेव्हा कुठं त्यांनी माझ्याकडे बघितलं.

“आण्णा, एक सांगू? राग मानू नका.”

“सांगा की.”

“आता पुढं कोण रडत असलं तर आदी तांब्याभर पाणी द्या. मोर्चा मागनं काढा.”

गाडी सुटली. त्या संध्याकाळी ओवी दारात किती वेळ बसली होती मला माहीत नाही, पण आई त्याच संध्याकाळी पोचली. एवढं एक काम त्या सगळ्या भानगडीत मी धड केलं.

प्रती मात्र पोचल्या. दुसऱ्या दिवशी गडहिंग्लजहून फोन आला, मग चंदगडहून, मग भुदरगडहून. कुणी काही काम सांगेना, नुसतेच “बरं हाय न्हवं आण्णा?” आणि मागं खोखो हसण्याचा आवाज. मी सगळ्यांना “बरं हाय” म्हणून सांगितलं.

मग थंडीत संघटनेच्या कामाला आजऱ्याला जाणं झालं. देसाई मास्तरांनी फोन करून जेवायला बोलावलं होतं. मी टाळत होतो, पण मॅडमनी ऐकलं नाही. घरापाशी पोचलो तर अंगणात मॅडम ओवीची वेणी घालत बसलेल्या, आणि ओट्यावर सासूबाई, हातात सूप. मास्तरांनी ऑर्डर घरात मोठ्यानं वाचून दाखवली होती म्हणे, तीही दोनदा.

म्हातारीनं सूप बाजूला ठेवलं, डोळ्यावर हात आडवा धरून मला नीट न्याहाळलं.

“या पावणं. तुम्हीच न्हवं का ते विशेष कारण?”

मी व्हय म्हणालो. नाही कसं म्हणणार? लेखी होतं.